गोळी सुटण्याआधी



१९७२ साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली. तिचे नाव अमेरिकेतील काळ्या बांधवांच्या ब्लॅक पँथरवरून घेतलेले, हे आपल्या घराघरांत ठाऊक आहे. त्या ब्लॅक पँथरचा शिकागो शहरातील तरुण नेता म्हणजे फ्रेड हॅम्प्टन. गल्लोगल्लीच्या टोळ्यांनी आपसात मरू नये म्हणून तो त्यांना एकत्र बसवीत होता. ४ डिसेंबर १९६९ च्या पहाटे पोलिसांनी घरात शिरून त्यालाच गोळ्या घातल्या. वय अवघे २१ वर्षे!

त्या शिकागोत २०१६ साली साडेसातशेहून अधिक खून झाले, २०२१ साली आठशेच्या आसपास. बहुतेक बंदुकीने. मरणारे बहुसंख्य काळे, तरुण आणि मोजक्याच गरीब वस्त्यांतले. या वस्त्या आपोआप झाल्या नाहीत. दक्षिणेतील जुलमाला कंटाळून आलेल्या कुटुंबांना ठराविक भागांतच राहावे लागले. बँका तेथे घरासाठी कर्ज देत नसत. पुढे कारखाने बंद पडले. आणि मग जग म्हणू लागले, ही माणसेच तशी! गावकुसाबाहेर पिढ्या काढलेल्या आपल्याला हे वेगळे समजावून सांगायला नको.

गॅरी स्लटकिन हे साथरोगांचे डॉक्टर. आफ्रिकेत कॉलरा, एड्सच्या साथींशी झुंजून ते मायदेशी परतले. त्यांना दिसले की गोळीबारही साथीसारखाच पसरतो. एकाला लागली की त्याचा भाऊ, मित्र सूड घेणार. मग साथ जशी सुरुवातीलाच अडवतात, तशी ही का अडवू नये? २००० साली वेस्ट गारफिल्ड पार्क या वस्तीत त्यांनी काम सुरू केले. त्यासाठी माणसे कोणती निवडली? पूर्वी टोळीत असलेली, अनेक तर तुरुंग भोगून आलेली! ही माणसे पोलिसांचे खबरे नव्हेत, म्हणून पोरे त्यांचे ऐकतात. जखमी पोराच्या इस्पितळात ती त्याच रात्री जातात, पेटलेल्या मित्रांजवळ बसतात. आजची रात्र टळली की डोके थंड होते.

दुसरा उपाय कामाचा. २०१२ च्या उन्हाळ्यात हिंसाग्रस्त भागांतील शाळांच्या मुलांना आठ आठवड्यांचे पगारी काम दिले. पुढील सोळा महिन्यांत, काम न मिळालेल्या मुलांच्या तुलनेत, हिंसक गुन्ह्यांतील त्यांच्या अटका ४३ टक्क्यांनी कमी भरल्या. हाताला काम आणि पाठीवर हात, एवढेच!

२०२४ साली शिकागोतील खून सहाशेच्या खाली आले. श्रेय एकाच उपायाचे नाही. पण निधी तुटला की अशी कामे बंद पडतात, हेही त्या शहराने पाहिले आहे.

आता आमची एक कबुली. आमच्या वस्तीत तुरुंगातून सुटून आलेला एक तरुण जयंतीच्या बैठकीत म्हणाला, "मला काहीतरी काम द्या." आम्ही जाणती म्हणवणारी मंडळी गप्प बसलो. "समितीचे नाव खराब होईल," असे कोणी म्हणाले, तेव्हा आम्हीही मान हलवली. तो उठून गेला. नाक्यावरच्या टोळक्याने मात्र त्याला जागा करून दिली.

बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात अंगुलिमालाची कथा सांगितली आहे. लोकांनी अडवले तरी तथागत त्याच्या वाटेने गेले आणि त्याला संघात घेतले. पुढे भिक्षेला गेल्यावर लोकांनी त्याला दगड मारले, पण संघाने त्याला टाकले नाही. आम्ही दर रविवारी विहारात पंचशील म्हणतो. पहिले शील हिंसेपासून दूर राहण्याचे आहे. पण आपला हात आवरला की ते पुरे झाले काय?

आम्ही त्या मुलाच्या घरी जाणार आहोत. उशीर झाला आहे, तरी जाणार आहोत. तुमच्याही गल्लीत असा एखादा असेल. त्याच्याकडे टोळीच्या आधी कोण पोहोचणार, हे बंधुभगिनींनो, तुम्हीच ठरवा.

जयभीम! नमो बुद्धाय!