तेरा संघांचा पिचर

ज्याला १३ संघांनी सोडले तो नकोसाच असणार, असे वाटते. बेसबॉलमधल्या डोमिनिकन रिलीफ पिचर (सुरुवातीच्या पिचरनंतर उतरणारा) ऑक्टाव्हिओ डोटेलची १९९९ ते २०१३ ही कारकीर्द उलट सांगते: ९५१ इनिंग्जमध्ये १,१४३ स्ट्राइकआउट. असा पिचर कुणी टिकवून का ठेवला नाही, हा आक्षेप रास्त आहे; पण शर्यतीतून बाद झालेला संघ जुलैअखेर अनुभवी रिलीव्हर देऊन तरुण खेळाडू मिळवतो, आणि जेतेपदाच्या मागे असलेल्याला तोच रिलीव्हर हवा असतो. पिट्सबर्गने २०१० मध्ये त्याच्या बदल्यात लॉस एंजेलिसकडून दोन तरुण घेतले (भाव नसलेल्या मालाचा असा सौदा होत नाही). पुढच्या जुलैत टोरांटोने त्याला सेंट लुईसला दिले. ऑक्टोबरात सेंट लुईसने वर्ल्ड सिरीज जिंकली. टोरांटोशी झालेल्या त्याच सौद्यातल्या एडविन जॅक्सनने २०१९ मध्ये चौदावा संघ गाठून डोटेलचा सर्वाधिक संघांकडून खेळण्याचा विक्रम मोडला.