गोळी ती गोळी?

१ ऑगस्ट २०२४ ची दुपार. पणजीतल्या आमच्या ऑफिसात जेवणाची सुट्टी कधीच संपली होती, पण टेबलावर परतलं कोणीच नव्हतं. सगळे एका मोबाईलभोवती गोळा झाले होते. पॅरिसमध्ये स्वप्नील कुसाळे ५० मीटर रायफल थ्री पोझिशन्सची अंतिम फेरी खेळत होता. कोल्हापूर जिल्ह्यातल्या राधानगरी तालुक्यातलं कांबळवाडी हे त्याचं गाव. नोकरी तेव्हा रेल्वेत, तिकीट तपासनिसाची. म्हणजे आपल्यासारखाच सरकारी माणूस! ४५१.४ गुण, कांस्यपदक. या प्रकारातलं भारताचं पहिलंच ऑलिंपिक पदक. पेढे आले, टाळ्या झाल्या.

आणि मग आपल्याकडे नेहमी सुरू होतं ते प्रवचन सुरू झालं. अर्जुन, पोपटाचा डोळा, एकाग्रता, ध्यानधारणा. "सगळं मनात असतं रे," आमचे हेडक्लार्क म्हणाले. मी सहज विचारलं, "सर, पण गोळी कुठली होती त्याची?" ते हसले. "गुळी ती गुळी रे, तातूंत कितें आसा!"

वाचकहो, माझं भांडण या एका वाक्याशी आहे. हेडक्लार्क सज्जन आहेत, त्यांच्याशी नाही. पण 'गोळी ती गोळी' हे वाक्य आपल्या सगळ्यांच्या तोंडी बसलेलं आहे. खुर्ची ती खुर्ची, पूल तो पूल, कागद तो कागद. वस्तूकडे बघायची आपली ही रीत. म्हणूनच संस्कृतीबद्दल लिहायच्या या जागेवर आज काडतुसाबद्दल लिहितो आहे.

आधी थोडं गणित. स्वप्नीलच्या प्रकारात जे काडतूस वापरतात ते .२२ लाँग रायफल. गोळीचा व्यास साधारण ५.६ मिलिमीटर, वजन सुमारे २.६ ग्रॅम. आत दारू किती? एका ग्रॅमच्या दहाव्या हिश्श्याहूनही कमी. समोर ५० मीटरवर दहा गुणांचं जे वर्तुळ असतं त्याचा व्यास १०.४ मिलिमीटर, म्हणजे आपल्या शर्टाच्या बटणाएवढा. अंतिम फेरीत गुण दशांशात मोजतात, आणि प्रत्येक दशांश ०.८ मिलिमीटरचा.

स्पर्धेची गोळी मुद्दाम आवाजाच्या वेगाहून थोडी कमी ठेवतात, सेकंदाला ३३० मीटरच्या आसपास, कारण आवाजाचा वेग ओलांडून परत खाली येताना ती डगमगते. या वेगाने ५० मीटर जायला तिला सेकंदाचा सहावा हिस्साही लागत नाही. तेवढ्यात ती गुरुत्वाकर्षणाने बारा सेंटिमीटर खाली येते. हे ठरलेलं असतं, रायफल त्याप्रमाणे लावलेली असते. पण समजा एका गोळीचा वेग शेकडा एकाने कमी पडला. मग ती आणखी दोन-अडीच मिलिमीटर खाली जाते. म्हणजे तीन दशांश गेले. नेमबाजाचा श्वास, हात, मन, सगळं जागच्या जागी. चूक फक्त दारूच्या काही कणांची. २०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये आपल्या जॉयदीप कर्माकरचं कांस्य ५० मीटर प्रोनमध्ये १.९ गुणांनी हुकलं, तो चौथा आला. त्याच्या गोळ्यांत दोष होता असं मी म्हणत नाही. पदक आणि चौथा नंबर यांच्यातलं अंतर किती, एवढंच दाखवतो आहे.

आता ही 'गोळी ती गोळी' तयार कशी होते ते बघा. पितळेच्या पट्टीतून छोट्या वाट्या कापतात. त्या साच्यांतून टप्प्याटप्प्याने ओढून लांबट पुंगळी करतात. ओढताना पितळ कडक होतं म्हणून मध्ये तापवून नरम करतात. मग बुडाला कड काढतात. .२२ ची गंमत अशी की ठिणगी देणारं मिश्रण बुडाच्या मध्यावर नसतं, या पोकळ कडेत असतं. रायफलची पिन कडेवर एकाच ठिकाणी आपटते. कुठे आपटणार ते आधी सांगता येत नाही, म्हणून मिश्रण कडेत सगळीकडे सारखं पसरलेलं हवं. ते ओल्या स्थितीत पुंगळीत घालतात, गरागरा फिरवून कडेत बसवतात आणि मग वाळवतात. वाळलं की ते धक्क्याने पेटतं.

गोळी शिशाची. शिशाच्या तारेचे तुकडे करून साच्यात दाबून तिला आकार देतात. वरून मेणासारख्या वंगणाचा हात फिरवतात, म्हणजे नळीत शिसं चिकटत नाही. (काडतूस आणि वंगण म्हटलं की आपल्याला १८५७ आठवतं, तिथेच आपली काडतुसाची माहिती संपते!) मग मोजून दारू, वर गोळी, आणि पुंगळीचं तोंड गोळीवर आवळणं. जास्त आवळलं तरी फरक, कमी आवळलं तरी फरक.

इथवर सगळं यंत्रांनी होतं आणि यंत्रं पैसे टाकले की मिळतात. माझा मुद्दा पुढेच आहे.

माल तयार झाल्यावर त्याच्या लॉटमधून काडतुसं काढून घट्ट आवळलेल्या नळ्यांमधून ५० मीटरवर झाडतात. माणसाचा हात मध्ये नाही, श्वास नाही. भोकं एकमेकांपासून किती लांब पडली ते मोजतात. त्यावरून मालाची प्रत ठरते. इंग्लंडची एली ही १८२८ साली सुरू झालेली कंपनी. तिचं सर्वांत वरचं काडतूस टेनेक्स. त्याच जातीचा, त्याच मसाल्याचा माल कसोटीला किंचित कमी उतरला तर तो टेनेक्स म्हणून विकत नाहीत, खालच्या नावाने, खालच्या दराने विकतात. दिसायला दोन्ही सारखे. डब्यावरचं नाव बदललं नसतं तर कोणाला कळलं असतं? नेमबाजाने दोष आपल्या हाताला दिला असता. पण कारखाना स्वतःच सांगतो की हा माल दुसऱ्या प्रतीचा आहे.

आणि तेवढ्यावरही भागत नाही. मोठे नेमबाज आपली रायफल घेऊन कारखान्याच्या चाचणी-केंद्रावर जातात. तिथे ती शिकंज्यात बसवून वेगवेगळे लॉट झाडून बघतात, कारण एका नळीला मानवलेला लॉट दुसरीला मानवेलच असं नाही. जो जुळला त्याच लॉटची हजारो काडतुसं एकदम उचलतात. आपल्या डिचोलीची मडकी बाजारात येत तेव्हा आमची आजी प्रत्येक मडकं बोटाने वाजवून घ्यायची. आवाज फुटका आला की परत ठेवायची. कुंभारही रागावत नसे. हे तेच आहे. म्हणजे ही रीत आपल्याला परकी नव्हती, आपण ती सोडली.

हे नीटनेटकेपण काही फुकट आलेलं नाही. फिनलंडमध्ये लापुआ नावाचं एक गाव आहे. नेमबाजांच्या जगात हे नाव आदराने घेतात. १३ एप्रिल १९७६ रोजी तिथल्या काडतूस कारखान्यात दारू भरायच्या विभागात स्फोट झाला आणि ४० माणसं गेली. त्यातल्या ३५ बायका. सकाळी डबा घेऊन कामावर आलेल्या. त्यानंतर कारखाना गावाबाहेर हलला, आणि त्या जुन्या जागेत आता सांस्कृतिक केंद्र आहे, गावाचं वाचनालय आहे. 'गोळी ती गोळी' असं लापुआत कोणी म्हणेल असं मला वाटत नाही.

आता आपल्याकडे वळू. पुण्याला खडकीत दारूगोळ्याचा कारखाना १८६९ पासून आहे. जळगाव जिल्ह्यात वरणगावला आहे. धातू आहे, कारागीर आहेत, दीडशे वर्षांचा अनुभव आहे. तरीही आमचे अव्वल नेमबाज मोठ्या स्पर्धेला युरोपातली काडतुसं घेऊन जातात. २०१० मध्ये म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये विश्वविजेती ठरलेली तेजस्विनी सावंत कोल्हापूरची, स्वप्नीलही कोल्हापूरचाच. नेमबाज आपल्या मातीतला, गोळी परदेशातली. का?

तिथल्या कामगारांना मी नावं ठेवत नाही. सैन्याला लाखोंनी लागणारा माल बनवणं हे वेगळं काम आहे आणि ते ते करतात. कोणी म्हणेल, बाजार लहान आहे, परवडत नाही. असेल. पण मला खरं कारण दुसरं वाटतं. वरच्या प्रतीचं काडतूस बनवायला आधी दोन गोष्टी लागतात: माल नाकारणारा माणूस, आणि त्या नाकारण्याबद्दल त्याला शिक्षा न करणारी व्यवस्था. आपल्याकडे सर्वांत कमी दर भरणारा जिंकतो, आणि माल नाकारणारा 'अडवणूक करणारा' ठरतो.

हे मी ऐकीव सांगत नाही. पूर्वी एका कार्यालयात (नाव सांगत नाही, ते महत्त्वाचंही नाही) रेकॉर्ड रूमचं छप्पर गळत होतं. पावसाळ्याआधी ताडपत्र्या मागवल्या. नमुना दाखवला तो जाड, छान. माल आला तेव्हा वरची गठडी सोडून बघितली, ठीक वाटली. बाकीच्या सोडल्या नाहीत. संध्याकाळचे पाच वाजत आले होते. मी रजिस्टरवर शिक्का मारला: 'तपासले, बरोबर आहे.' सही माझी. आतल्या ताडपत्र्या कांद्याच्या सालीसारख्या निघाल्या. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात एका रॅकवरचे दस्त भिजून लगदा झाले. पुढे सत्तरीतून एक म्हातारी आली, नवऱ्याच्या जमिनीच्या कागदाची नक्कल मागायला. दोन बस बदलून आली होती. मी तिला 'पुढच्या आठवड्यात या' असं सांगितलं. ती पुढच्या आठवड्यात आली. मग त्याच्या पुढच्याही आठवड्यात. शेवटी खरं सांगायची वेळ आली तेव्हा ती रागावली नाही, फक्त विचारलं, "मग आतां हांवें कोणाक विचारूं?" त्या शिक्क्यासाठी मला कोणी जाब विचारला नाही. मेमोसुद्धा नाही. माझ्या डब्यावर टेनेक्स लिहिलेलं होतं, आत काय आहे ते कोणी झाडून बघितलं नव्हतं.

आमच्या हेडक्लार्कांचा एक युक्तिवाद मात्र खोडायचा राहिला. ते म्हणतात, अंतिम फेरीत आठही जणांकडे उत्तम गोळ्या असतात, मग जिंकवतं ते मनच ना? अगदी बरोबर, सर! पण मनाला जिंकता येतं ते गोळी सारखी असते म्हणूनच. उत्तम काडतुसाचं काम काय? निकालात स्वतः लुडबुड न करणं. नेमबाजाने जिथे नेम धरला तिथे निमूट जाणं. गोळी आपलं मत मांडू लागली की स्पर्धा नशिबाची होते, आणि मग अर्जुन काय, कोणीही काय. सरकारी कागदाचंही हेच काम आहे. म्हातारीचा हक्क खरा की खोटा ते कायद्याने ठरवावं. माझ्या ताडपत्रीने नव्हे.

शेवटी आपल्याच पोथीतलं एक सांगतो. भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूताने आपले चोवीस गुरू सांगितले आहेत. एकनाथांनी ते मराठीत आणले, आपल्या घराघरांत त्यांचं पारायण झालं. त्या चोविसांत एक गुरू आहे शरकार, बाण घडवणारा. तो आपल्या कामात इतका गढला होता की राजाची मिरवणूक वाजतगाजत जवळून गेली, तरी त्याला कळलं नाही. बघा, अवधूताने एकाग्रता शिकली ती बाण सोडणाऱ्याकडून नाही, बाण करणाऱ्याकडून! साखळीच्या दत्तमंदिरात आपण हात जोडतो, पण हा गुरू आपण विसरलो. आपल्याला अर्जुन पाहिजे, मिरवणूक पाहिजे, पेढे पाहिजेत. शरकार नको.

पुढचं पदक येईल तेव्हा पेढे जरूर वाटा, मीही खाईन. पण तोवर तुमच्यापैकी ज्याच्या हातात शिक्का असेल, त्याने सगळ्या गठड्या सोडून बघाव्यात. पाच वाजून गेले तरी. मी आता बघतो. त्यामुळे दोनदा माल परत गेला, आणि ऑफिसात मला 'अडवो' हे नाव पडलं आहे. पडू दे.