घर सांभाळून नोकरी

'घर सांभाळून नोकरी करते हो!' अशी नोकरदार स्त्रीची प्रशंसा मराठी घरांतून सर्रास ऐकू येते. पुरुषाविषयी असे कोणी म्हणत नाही. पश्चिम जर्मनीत मात्र ही केवळ बोलण्याची रीत नव्हती. 1958 ते 1977 अशी एकोणीस वर्षे तो तेथील कायदाच होता.

दुसऱ्या महायुद्धात लक्षावधी जर्मन पुरुष मारले गेले आणि कित्येक लक्ष परमुलखात युद्धकैदी होऊन पडले. उद्ध्वस्त शहरांतील ढिगारे उपसण्यापासून कुटुंबाच्या चरितार्थापर्यंत सारा भार स्त्रियांवर आला. हा भार पेलणाऱ्यांना समान हक्क नाकारण्यास वस्तुतः कोणाला तोंड नव्हते. तथापि बॉन येथे राज्यघटना सिद्ध करणाऱ्या 65 सदस्यांत स्त्रिया होत्या अवघ्या 4. त्यांपैकी विधिज्ञ एलिझाबेट झेल्बर्ट यांनी स्त्री व पुरुष यांचे हक्क समान आहेत, एवढेच सुटसुटीत कलम सुचविले, आणि तेही प्रथम फेटाळले गेले. निषेधाच्या पत्रांचा पाऊस पडला तेव्हा कुठे जानेवारी 1949 मध्ये ते मान्य झाले. त्याच्याशी विसंगत कायदे 31 मार्च 1953 पर्यंतच चालतील, अशी मुदतही घटनेने घातली. संसदेने ती खुशाल उलटू दिली! सुधारित कायदा संमत झाला 1957 मध्ये आणि अमलात आला 1 जुलै 1958 रोजी.

त्याने दिले काय? पत्नीची नोकरी न्यायालयाच्या संमतीने संपुष्टात आणण्याचा पतीचा जुना अधिकार कायद्याच्या पुस्तकातून गेला, हे खरे. परंतु गृहव्यवस्था पत्नीचीच राहिली, आणि वैवाहिक व कौटुंबिक कर्तव्यांशी जुळेल तेवढीच नोकरीची मुभा तिला मिळाली. पतीच्या नोकरीला अशी अट नव्हती. त्यातून मुलांच्या शाळा दुपारीच सुटत. म्हणजे आईने अर्ध्या दिवसाची नोकरी धरायची, अर्धे वेतन घ्यायचे आणि म्हातारपणी त्याच बेताच्या निवृत्तिवेतनावर भागवायचे.

पूर्व जर्मनीने पाळणाघरे काढली आणि नोकरदार स्त्रियांना घरकामासाठी महिन्यातून एक दिवस भरपगारी रजाही दिली. सोय मोठीच, यात शंका नाही. मात्र घरकाम कोणाचे, हेही ती रजा सांगून गेली.

पश्चिमेतील ती अट 1 जुलै 1977 रोजी रद्द झाली आणि घर कसे चालवावे हे उभयतांनी परस्परसंमतीने ठरवावे, असे कायदा म्हणू लागला. जर्मनी एक झाली. दिवसभराच्या शाळांसाठी केंद्र सरकारने मोठा निधी दिला तो 2003 मध्ये. तोवर पश्चिमेकडील बहुतेक शाळा दुपारीच सुटत राहिल्या.