हैदराबादचा विटीदांडू, पीएसपीची चकती

२००९ साली हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीज या कंपनीने ‘हनुमान : बॉय वॉरियर’ नावाचा व्हिडिओ गेम तयार केला. प्लेस्टेशन-२साठी संपूर्णपणे भारतात घडलेला पहिला खेळ म्हणून सोनीने तो बाजारात आणला. देवाला जॉयस्टिकने नाचवणे बरे नव्हे, अशी हरकत अमेरिकेतल्या हिंदू प्रवक्त्यांनी घेतली, त्यावर बातम्याही झाल्या. त्याच वर्षी हैदराबादच्याच गेमशास्त्र या स्टुडिओने ‘देसी अड्डा : गेम्स ऑफ इंडिया’ केला. त्यात कबड्डी होती, विटीदांडू होता, पतंगबाजी होती. हा खेळ प्लेस्टेशन-२वर तर आलाच, पण हातात धरून खेळायच्या पीएसपीवरही आला. पुढे २०१३मध्ये गेमशास्त्रनेच शाहरुख खानच्या सिनेमावरून ‘डॉन २’ हा खेळ याच दोन यंत्रांसाठी बनवला. प्लेस्टेशन-२चे उत्पादन थांबल्याची बातमी नेमकी त्याच वर्षाच्या जानेवारीत आली होती.

हायटेक सिटीच्या काचेच्या इमारतींचे कौतुक करणाऱ्या शहराला स्वतःच्या या कामगिरीची फारशी आठवण नाही. आठवण असली तरी हे खेळ आज खेळायचे कशावर?

पीएसपी डिसेंबर २००४मध्ये जपानमध्ये विक्रीला आला आणि २०१४च्या सुमारास त्याचे उत्पादन बंद झाले. दरम्यान जगभरात आठ कोटींच्या आसपास पीएसपी खपले. खेळ यायचे ते यूएमडी नावाच्या छोट्या चकतीवर. प्लॅस्टिकच्या कवचात बसवलेली ही चकती सोनीशिवाय कोणीच वापरली नाही, म्हणून जगातला कोणताही साधा संगणक ती वाचू शकत नाही. कवचाचे दोन भाग उकलतात, यंत्राची लिथियम बॅटरी फुगून मागचे झाकण वर येते, चकती फिरवणारी मोटर कुरकुरू लागते. एर्रागड्ड्याच्या रविवारच्या बाजारात किंवा जुमेरात बाजारात जुन्या चार्जर-रिमोटच्या ढिगाखाली एखादा पीएसपी सापडतोही, पण तो सुरू होईल याची हमी विकणाराही देत नाही.

अशा वेळी कामाला येतो तो एम्युलेटर. पीएसपीच्या प्रोसेसरसाठी लिहिलेल्या आज्ञा, खेळ चालू असतानाच, संगणकाच्या प्रोसेसरला कळतील अशा रूपात बदलत राहणारा हा प्रोग्रॅम. पीएसपीसाठीचा सर्वांत प्रसिद्ध एम्युलेटर म्हणजे पीपीएसएसपीपी. स्वीडनच्या हेन्रिक रिडगोर्ड यांनी तो नोव्हेंबर २०१२मध्ये लोकांसमोर ठेवला. त्याआधी ‘डॉल्फिन’ या निन्टेन्डोच्या एम्युलेटरच्या उभारणीतही त्यांचा हात होता. पीपीएसएसपीपी मोफत आहे, त्याचा सोर्स कोड खुला आहे आणि विंडोज, मॅक, लिनक्स, अँड्रॉइड या सगळ्यांवर तो चालतो. मे २०२४पासून तो आयफोनवरही आला, कारण त्याच्या महिनाभर आधी अॅपलने आपल्या अॅप स्टोअरचे दार जुन्या खेळांच्या एम्युलेटरना उघडले होते.

पीएसपीचा प्रोसेसर जास्तीत जास्त ३३३ मेगाहर्ट्झचा आणि पहिल्या मॉडेलची मेमरी ३२ मेगाबाइटची. त्यामुळे त्याची नक्कल करायला भारी ग्राफिक्स कार्ड लागत नाही. सिकंदराबादच्या पार्क लेनमधल्या चिनॉय ट्रेड सेंटरमध्ये, म्हणजे शहराच्या तोंडी बसलेल्या ‘सीटीसी’त, मिळणारा दहा वर्षांपूर्वीचा सेकंडहँड ऑफिस लॅपटॉपही बहुतेक खेळांना पुरतो.

एम्युलेटर बसवणे सोपे आहे. प्रोग्रॅम फक्त त्याच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच उतरवावा. त्याच्या नावाने खपवल्या जाणाऱ्या, पासवर्ड लावलेल्या झिप फायलींमध्ये काय दडले असेल सांगता येत नाही. तो पीएसपीच्या ‘मेमरी स्टिक’ऐवजी एक फोल्डर वापरतो. हे फोल्डर नीट लक्षात ठेवावे, कारण जिंकलेल्या पायऱ्यांची नोंद त्यातल्या ‘पीएसपी’ फोल्डरमधल्या ‘सेव्हडेटा’त जाते आणि लॅपटॉप बदलताना तेवढेच उचलून न्यायचे असते. ग्राफिक्सच्या पर्यायांत आधी ‘व्हल्कन’ निवडून पाहावे. जुन्या लॅपटॉपवर ते चालले नाही तर ‘ओपनजीएल’ किंवा ‘डायरेक्टथ्रीडी’ आहेच. पीएसपीचा मूळ पडदा ४८० बाय २७२ ठिपक्यांचा. रिझोल्यूशन चौपट केले की १९२० बाय १०८८ होते, म्हणजे साधारण फुल एचडी. मोबाइलएवढ्या पडद्यासाठी काढलेली चित्रे मॉनिटरवर इतकी स्वच्छ दिसतात की मूळ यंत्रावर खेळलेल्यांनाही नवल वाटते. चित्र अडखळू लागले तर रिझोल्यूशन दुपटीवर आणावे; अधलीमधली चित्रे गाळणाऱ्या ‘फ्रेमस्किप’ला हात लावण्याची वेळ त्यानंतरची. कीबोर्डवर खेळून बोटे आखडतात, तेव्हा साधा यूएसबी गेमपॅड जोडून बटणे एकदाच नेमून द्यावीत. आणखी एक गोष्ट नवशिक्यांना उशिरा कळते. एका क्षणात खेळ जिथल्या तिथे गोठवणारे ‘सेव्ह स्टेट’ सोयीचे असले तरी एम्युलेटरची आवृत्ती बदलली की ते उघडतीलच असे नाही. खेळाने स्वतः दिलेले सेव्ह मात्र टिकतात.

खरा प्रश्न प्रोग्रॅमचा नाही, खेळाच्या फाइलचा आहे. इथे हैदराबादच्या या खेळांचे उदाहरण मोठे बोलके आहे. ‘हनुमान’ची प्लेस्टेशन-२ची चकती साध्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचली जाते आणि तिची हुबेहूब प्रत, म्हणजे आयएसओ फाइल, घरच्या घरी बनते. पण ती चालवणारा पीसीएसएक्स-२ हा एम्युलेटर प्लेस्टेशन-२मधली, ते यंत्र सुरू करणारी बायोस फाइल मागतो. ती सोनीच्या मालकीची, म्हणून स्वतःच्या यंत्रातूनच काढावी लागते. ‘देसी अड्डा’च्या पीएसपी आवृत्तीचे नेमके उलटे. पीपीएसएसपीपीच्या लेखकांनी पीएसपीच्या आतल्या व्यवस्थेची कामे स्वतः नव्याने लिहून काढली, त्यामुळे त्याला सोनीची एकही फाइल लागत नाही. अडते ते यूएमडीपाशी, कारण तिची प्रत काढायला चालू स्थितीतला पीएसपीच हवा.

ती काढण्याची रीत अशी. यूएमडीचा खण असलेला १०००, २००० किंवा ३००० मालिकेतला पीएसपी घ्यावा. ‘पीएसपी गो’ला तो खणच नाही. बॅटरी फुगलेली असेल तर आधी ती बदलावी. यंत्र चालवणारे सोनीचे आतले सॉफ्टवेअर म्हणजे फर्मवेअर; त्याची शेवटची आवृत्ती ६.६१. त्यावर हौशी मंडळींनी बनवलेले कस्टम फर्मवेअर चढवले की सिलेक्ट बटणाने एक जादा मेनू उघडतो. त्यात ‘यूएसबी डिव्हाइस’पुढे ‘यूएमडी डिस्क’ निवडून यंत्र संगणकाला जोडले की चकती एका आयएसओ फाइलच्या रूपात समोर येते. ती फक्त कॉपी करायची. यूएमडीत जास्तीत जास्त १.८ गिगाबाइट मावते, त्यामुळे पेन ड्राइव्हवर डझनभर खेळ सहज बसतात.

हे सगळे टाळून कोठीच्या गल्लीत कुणाकडून ‘सगळे गेम भरलेले’ कार्ड घेणे कितीतरी सोपे, असे कुणीही म्हणेल. हजारो खेळ आधीच भरून विकली जाणारी चिनी हँडहेल्ड यंत्रे ऑनलाइन बाजारातही आहेत. एम्युलेटरची बदनामी या धंद्याने केली आहे, आणि कायद्याने या दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या आहेत.

एम्युलेटर बनवणे गुन्हा नाही, हे अमेरिकेतल्या अपील न्यायालयाने २०००मध्ये सोनी विरुद्ध कनेक्टिक्स खटल्यात मान्य केले. कनेक्टिक्सने मॅक संगणकावर प्लेस्टेशन चालवणारा प्रोग्रॅम विकला होता. खटल्यात हरलेल्या सोनीने पुढच्याच वर्षी तो प्रोग्रॅम विकत घेतला आणि बंद करून टाकला. मार्च २०२४मध्ये निन्टेन्डोने ‘युझू’ या एम्युलेटरच्या निर्मात्यांकडून २४ लाख डॉलर वसूल केले, तेव्हा ‘एम्युलेटर बेकायदा ठरले’ अशी हाकाटी झाली. प्रत्यक्षात प्रकरण तडजोडीत मिटले, आणि त्याचा मुख्य रोख खेळांवरची डिजिटल कुलपे तोडण्यावर होता.

भारताचा १९५७चा कॉपीराइट कायदा या बाबतीत अनेकांना वाटतो त्यापेक्षा समजूतदार आहे. कलम ५२नुसार संगणक प्रोग्रॅमची प्रत कायदेशीरपणे ज्याच्याकडे आहे, त्याला ती हरवण्या-बिघडण्यापासून बचाव म्हणून जादा प्रत काढता येते. स्वतः रीतसर मिळवलेल्या प्रतीवरून वैयक्तिक, बिगरव्यापारी वापरासाठीही प्रत करता येते. २०१२च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५अ कुलूप तोडण्याला शिक्षा सांगते, पण ती हक्कभंगाच्या हेतूने तोडणाऱ्याला. खेळात प्रोग्रॅमखेरीज चित्रे आणि संगीतही असल्याने वाद घालायला जागा उरते, हे खरे. तरीही स्वतःच्या चकतीची स्वतःसाठी काढलेली प्रत आणि बाजारातून आणलेले भरलेले कार्ड यांतला फरक स्पष्ट आहे. बेकायदा प्रत जाणूनबुजून संगणकावर वापरणाऱ्याला कलम ६३ब लागू होते. त्यात सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आहे, दंडही आहे. नफ्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद टाळून पन्नास हजारांपर्यंतच्या दंडावर सोडू शकते.

व्यक्तीपुरते कायद्याने ठीक आहे. शहरापुरते, देशापुरते काय?

१९५४च्या कायद्याप्रमाणे भारतात छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत प्रकाशकाने कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबई, चेन्नई, दिल्ली इथल्या ठरलेल्या ग्रंथालयांना पाठवायची असते. सिनेमासाठी १९६४मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभे राहिले. ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट सापडत नाही, याची हळहळ तरी आपण करू शकतो. हैदराबादच्या मराठी माणसांनी आपली पुस्तके परप्रांतात राहूनही मराठी ग्रंथ संग्रहालयात सांभाळली. व्हिडिओ गेमसाठी यातले काहीच नाही. ‘हनुमान’, ‘देसी अड्डा’ किंवा ‘डॉन २’ची प्रत कुठे जमा करा, असे कंपन्यांना कायद्याने कधी सांगितलेच नाही.

हे दुखणे भारतापुरते नाही. २०२३मध्ये अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने पाहणी केली, तेव्हा २०१०पूर्वी तिथे आलेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ रीतसर विकत मिळत नाहीत असे दिसले. हातातल्या यंत्रांची स्थिती आणखी वाईट: गेम बॉय मालिकेतले सहा टक्केही खेळ बाजारात नव्हते. अशा वेळी ‘रीडंप’सारख्या स्वयंसेवी प्रकल्पांत हौशी लोक आपापल्या चकत्यांची अचूक प्रत काढतात आणि ती प्रत बिनचूक आहे हे ताडून पाहता यावे म्हणून तिचे चेकसम नोंदवतात. कंपन्यांनी आणि सरकारांनी सोडून दिलेले काम संध्याकाळी घरी परतलेले इंजिनिअर करत आहेत.

तेलंगण सरकारने २०१६मध्ये अॅनिमेशन आणि गेमिंगसाठी ‘इमेज’ नावाचे धोरण जाहीर केले. भारतीय गेम डेव्हलपरांची परिषदही अनेक वर्षे हैदराबादेत भरली. भाषणांचा सगळा भर पुढच्या दहा वर्षांवर असतो. पण ज्या स्टुडिओंनी सोनीच्या किटवर पहिल्यांदा कोड चढवला, त्यांचा सोर्स कोड, रेखाचित्रे, ध्वनिमुद्रणे कोणत्या हार्ड डिस्कवर आहेत याची यादीसुद्धा नाही. सोर्स कोड असला तर विटीदांडूचा तो खेळ उद्या मोबाइलवर नव्याने आणता येईल. नुसती चकती असली तर एम्युलेटरच्या भरवशावर राहावे लागेल.

म्हणून मागणी दोन कलमांची आहे. सरकारी सवलत घेणाऱ्या प्रत्येक स्टुडिओने प्रकाशित खेळाची एक चालू प्रत आणि सोर्स कोड राज्याने नेमलेल्या संस्थेकडे जमा करावा, व्यापारी गुपित असेल तर ठरावीक वर्षे मोहोरबंद ठेवून. गच्चीबावलीची ट्रिपल आयटी हे काम करायला अंतराने दूर नाही आणि तिला संगणकशास्त्र शिकवावे लागणार नाही. दुसरे कलम संशोधकांसाठी: अशा संस्थेत बसून एम्युलेटरवर जुना खेळ चालवायला कॉपीराइट कायद्यात स्पष्ट मुभा हवी. तोवर काचीगुड्यापासून कोंडापूरपर्यंत ज्यांच्या घरी ‘देसी अड्डा’ची यूएमडी पडून असेल, त्यांनी तिची प्रत याच महिन्यात काढावी, चेकसम लिहून ठेवावा आणि चकती फेकू नये, कारण कायद्याच्या दारात प्रत कायदेशीर ठरते ती तिच्या आधारे.