लहान राहण्याची सक्ती

१७ मे २०२५ रोजी केंद्राच्या विदेश व्यापार महासंचालनालयाने एक अधिसूचना काढली. बांगलादेशातून येणारे तयार कपडे यापुढे खुष्कीच्या मार्गाने येणार नाहीत. ते फक्त न्हावाशेवा आणि कोलकाता या दोन बंदरांतूनच उतरतील. महिनाभर आधी बांगलादेशाने भारतीय सुताला आपल्या सीमेवरील नाक्यांवर मनाई केली होती, त्याचे हे उत्तर मानले गेले. दोन्ही सरकारांमधले रुसवेफुगवे बाजूला ठेवले तरी एक प्रश्न उरतोच. मुंबईत पहिली कापड गिरणी स्थापन झाली १८५४ साली. भारतात कापूस पिकतो, सूत निघते, कापड विणले जाते, शिवणारे हातही अगणित आहेत. बांगलादेशात कापूस नावापुरताच होतो. तरीही २०२४-२५ मध्ये त्या देशाने सुमारे ३९ अब्ज डॉलरचे तयार कपडे निर्यात केले आणि भारताने सुमारे १६ अब्ज डॉलरचे. लोकसंख्या आठपट, निर्यात निम्म्याहूनही कमी.

‘तिथली मजुरी स्वस्त’ हे यावरचे ठरलेले उत्तर. पण १९८० साली भारतात मजुरी कुठे महाग होती? बिहार, उत्तर प्रदेश, मराठवाडा, विदर्भ इथे काम मागणाऱ्या हातांची कधीच वानवा नव्हती. फरक पडला तो सरकारी नियमांमुळे. आणि हे नियम पंचवार्षिक योजनेच्या प्रस्तावनेतले नव्हते. सीमाशुल्काच्या खिडकीवर, बँकेच्या काउंटरवर आणि कारखाना निरीक्षकाच्या वहीत ज्यांच्याशी रोज गाठ पडते, तसले होते.

बांगलादेशाची गोष्ट चितगावात सुरू होते. नूरुल कादर या माजी सनदी अधिकाऱ्याने ‘देश गारमेंट्स’ ही कंपनी काढली आणि दक्षिण कोरियाच्या ‘देवू’ या उद्योगसमूहाशी करार केला. कोरियाच्या कपड्यांवर श्रीमंत देशांनी कोटा लावला होता. देवूला कोटा नसलेला देश हवा होता. १९७९ मध्ये ‘देश’चे १३० कर्मचारी बुसानच्या कारखान्यात शिकून आले आणि १९८० मध्ये काम सुरू झाले. पहिल्या वर्षी ४३,००० शर्ट निघाले. किंमत जेमतेम ५६,००० डॉलर. सात वर्षांनी हाच कारखाना वर्षाला २३ लाख शर्ट शिवत होता. त्याहून मोठी गोष्ट निराळीच घडली. त्या १३० जणांपैकी ११५ जणांनी त्या दशकात नोकरी सोडली. कुणी स्वतःचा कारखाना काढला, कुणी दुसऱ्याचा उभा करून दिला. एका कंपनीने कमावलेले कसब असे देशभर पसरले.

पण नुसत्या कसबावर हे जमले नसते. शर्ट शिवायचा तर कापड, बटणे, अस्तर, दोरा सगळे बाहेरून आणावे लागे. त्यावर भरभक्कम आयात शुल्क होते आणि देशात परकीय चलनाचा खडखडाट होता. इथे सरकारने दोन सोयी केल्या. पहिली, कारखान्याच्या गोदामालाच ‘बॉण्डेड’ दर्जा दिला. निर्यातीसाठी आणलेले कापड शुल्क न भरता थेट त्या गोदामात यायचे. ते शिवून बाहेर गेले की हिशेब पुरा. दुसरी, ‘बॅक टू बॅक एलसी’. एलसी म्हणजे खरेदीदाराच्या बँकेने दिलेली पैशांची हमी. परदेशी ग्राहकाने शर्टांसाठी उघडलेली एलसी बँकेत दाखवायची आणि तिच्या जोरावर कापड आणण्यासाठी दुसरी एलसी उघडायची. कापडाचे पैसे शर्टांचे पैसे आल्यावर चुकते. खिशात भांडवल नसलेला, पण हातात ऑर्डर असलेला माणूस त्यामुळे कारखानदार होऊ शकला. सरकारच्या तिजोरीतून फारसे काही गेले नाही. कोण लहान, कोण मोठा, हेही कुणी विचारले नाही.

त्याच काळात भारतात नेमके हेच विचारले जात होते.

याची मुळे १९५५ च्या कर्वे समितीत सापडतात. पुण्याचे अर्थतज्ज्ञ द. गो. कर्वे तिचे अध्यक्ष होते. ग्रामोद्योग आणि लघुउद्योग टिकावेत, शेतीबाहेर रोजगार निर्माण व्हावा, ही चिंता खरी होती आणि त्या काळात ती रास्तच होती. हातमाग वाचावा म्हणून १९५६ मध्ये गिरण्यांच्या मागांची संख्या गोठवण्यात आली. पण हातमागाला सोडलेली जागा हातमागाला मिळालीच नाही. ती यंत्रमागाने घेतली. भिवंडी, मालेगाव, इचलकरंजीतला खडखडाट वाढला तो बऱ्याच अंशी या धोरणामुळे. मग १९६७ मध्ये लघुउद्योगांसाठी राखीव वस्तूंची यादी आली. सुरुवातीला ४७ वस्तू होत्या, पुढे आठशेंच्या वर गेल्या. तयार कपडेही त्यात होते.

राखीव म्हणजे काय, तर यंत्रसामग्रीतली गुंतवणूक ठरावीक मर्यादेच्या आत ठेवायची. १९६६ मध्ये ही मर्यादा साडेसात लाख रुपये होती, १९८५ मध्ये ३५ लाख, १९९१ मध्ये ६० लाख. उत्पादनाचा मोठा हिस्सा निर्यात करण्याचे बंधन पत्करले तर त्यापलीकडे जायला वाट होती. पण ती परवान्याच्या दारातून जाणारी, आणि परदेशी फॅशन बदलली की माल देशात विकण्याची मोकळीक हिरावून घेणारी. शिवाय कामगार कायद्यातल्या १९८२ च्या दुरुस्तीने शंभर किंवा अधिक कामगार असलेल्या कारखान्याला कामगारकपातीसाठी आणि टाळे लावण्यासाठी सरकारची परवानगी सक्तीची केली. परिणाम सरळ होता. धंदा वाढला की कारखानदार कारखाना वाढवत नसे. शेजारी दुसरा काढत असे. एक भावाच्या नावे, एक पत्नीच्या नावे. कागदावर सगळेच लहान.

यात बिघडले कुठे? न्यूयॉर्क किंवा लंडनचा घाऊक खरेदीदार एका रंगाचे, एका मापाचे लाखभर शर्ट ठरल्या तारखेला मागतो. पन्नास यंत्रांच्या दहा गाळ्यांत ते एकसारखे निघत नाहीत. लहानांना संरक्षण द्यायला निघालेल्या धोरणाने त्यांना मोठे होण्याबद्दल दंड ठोठावला. धोरणकर्त्यांची नियत चांगली होती, हे मान्य करूनही म्हणावे लागते की सवलत संपण्याच्या भीतीने ज्याची वाढ खुंटते, त्या उद्योगाला त्या सवलतीने तारले असे म्हणता येत नाही. विणलेल्या कापडाचे तयार कपडे या यादीतून बाहेर काढण्याचा निर्णय झाला २००० च्या वस्त्रोद्योग धोरणात. होजिअरीला २००५ पर्यंत थांबावे लागले. तोवर चितगाव आणि ढाक्याला दोन दशकांची आघाडी मिळाली होती.

यावर हमखास आक्षेप येतो: बांगलादेशाचे नशीब कोट्याने उघडले, धोरणाने नव्हे. आक्षेपात तथ्य आहे. कपड्यांचा कोटा ठरवणारा १९७४ चा बहुतंतू करार नसता तर देवू चितगावला फिरकली नसती. पुढे युरोपने २००१ पासून अतिअविकसित देशांना शुल्कमुक्त प्रवेश दिला, तोही मोठा हातभार होता. पण कोट्याचा लाभ नेपाळलाही मिळाला होता. १ जानेवारी २००५ ला कोटा संपला आणि नेपाळचा तयार कपड्यांचा निर्यातधंदा कोसळला. बांगलादेशाचेही तेच होणार, असे तेव्हा अनेकांनी सांगितले होते. झाले उलटे. तोवर तिथे मोठे कारखाने, अनुभवी सुपरवायझर आणि वेळेवर माल देण्याची सवय तयार झाली होती.

मात्र बांगलादेशाचा कित्ता गिरवावा, असे कुणी म्हणू लागले तर त्याला २४ एप्रिल २०१३ ची आठवण करून द्यावी लागेल. त्या दिवशी ढाक्याजवळ सावर येथे राणा प्लाझा ही आठमजली इमारत कोसळली आणि ११०० हून अधिक माणसे दगावली. भिंतींना आदल्या दिवशीच तडे गेले होते. तरीही कामगारांना आत पाठवले गेले. बेकायदा चढवलेले मजले आणि नावापुरती तपासणी. निर्यातीची वाट मोकळी करणारे सरकार इमारत तपासायला मात्र फिरकले नव्हते. त्यानंतर परदेशी ब्रँड आणि कामगार संघटना यांच्यातल्या बंधनकारक करारामुळे शेकडो कारखान्यांची खरी तपासणी झाली. म्हणजे तपासणीने धंदा बुडत नाही, हेही त्याच देशाने दाखवून दिले.

या हिशेबाची आणखी एक बाजू आहे. या कारखान्यांतल्या बहुसंख्य कामगार स्त्रिया आहेत. रॅचेल हीथ आणि मुश्फिक मुबारक यांच्या २०१५ च्या अभ्यासात दिसले, की कारखान्यांच्या आसपासच्या गावांतल्या मुली अधिक शिकतात आणि त्यांची लग्ने व मुले उशिरा होतात. बालविवाह रोखायला मराठवाड्यात मोहिमा होतात, शपथा दिल्या जातात. पगाराची नोकरी दिसू लागली की आईबापांचे गणित किती बदलते, याचाही विचार त्यासोबत व्हायला हवा.

महाराष्ट्रापुढे ही चर्चा आता पुस्तकी राहिलेली नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये अमरावतीच्या ‘पीएम मित्रा’ वस्त्रोद्योग पार्कची पायाभरणी झाली. सुमारे एक हजार एकरांचा हा प्रकल्प देशातल्या अशा सात पार्कांपैकी एक. कापूस दाराशी आहे. पण जमीन, रस्ता, पाणी आणि कोनशिला या गोष्टी दिसतात म्हणून त्यांनाच धोरण समजण्याची चूक आपल्याकडे वारंवार होते. औद्योगिक वसाहतींतले ओसाड भूखंड त्याची साक्ष देतात.

अमरावतीत पाहायचे आहे ते वेगळे. जगात आज कृत्रिम धाग्याच्या कपड्यांना मागणी जास्त आहे; तो धागा किंवा ते कापड निर्यातीसाठी आणताना तिथल्या उद्योजकाचे पैसे शुल्क आणि परताव्याच्या फेऱ्यात किती दिवस अडकतात? पन्नास कामगारांचा कारखाना पाचशेवर जातो तेव्हा नव्या किती परवानग्या लागतात? मेळघाटातून किंवा यवतमाळातून येणाऱ्या मुलीला पार्कजवळ सुरक्षित वसतिगृह आणि रात्रपाळीनंतर घरी पोचवणारी गाडी मिळते का? कारखाना तपासणारा अधिकारी खरेच येतो का, आणि आल्यावर इमारत पाहतो की फक्त रजिस्टर? नोव्हेंबर २०२५ मध्ये लागू झालेल्या कामगार संहितांनी कपातीच्या परवानगीची मर्यादा शंभरावरून तीनशे कामगारांवर नेली आहे. ती मोकळीक मिळालेल्या मालकांकडून वेळेवर पगार, भविष्य निर्वाह निधी आणि सुरक्षित इमारत यांचा हिशेब राज्य सरकारने तितक्याच काटेकोरपणे मागितला पाहिजे. पुढल्या अधिवेशनात वऱ्हाडच्या आमदारांनी पार्कात किती कोटींचे सामंजस्य करार झाले ते विचारण्याऐवजी हे प्रश्न विचारावेत, आणि मंत्र्यांनी त्यांची उत्तरे आकड्यांत द्यावीत.