दाव्याला उशीर: कोर्टाआधीचा रस्ता



आयुर्विम्याचा दावा रखडला की कोर्टाशिवाय गत्यंतर नाही, हे गेल्या अंकातील पत्रलेखकाचे मत पटत नाही. विमा नियामकाच्या २०२४ च्या परिपत्रकानुसार चौकशी न लागणारा मृत्युदावा १५ दिवसांत, चौकशीचा ४५ दिवसांत निकाली निघायला हवा. उशीर झाल्यास बँक दरापेक्षा २ टक्के जास्त व्याज. कंपनीने लेखी तक्रार फेटाळली किंवा महिनाभर दाद दिली नाही, तर विमा लोकपालाकडे जाता येते. तिथे शुल्क नाही, वकील नाही (हे विशेष!) आणि निवाडा कंपनीवर बंधनकारक असतो. फसवणूक रोखायला चौकशी हवी, हे मान्य. पण विमा कायद्याच्या कलम ४५ नुसार तीन वर्षांनंतर पॉलिसीवर आक्षेपच घेता येत नाही. मग जुन्या पॉलिसीत आजार लपवल्याची चौकशी कशासाठी? लोकपालाकडची मुदत मात्र एकच वर्षाची आहे, ती हुकली तर ग्राहक आयोग.

– एक वाचक, पुणे