गोचीड, माकड आणि माणूस

गाईच्या कासेला चिकटूनही दूध सोडून रक्तच पिणारी गोचीड, हा आपल्याकडील जुना दृष्टांत आहे. गोठ्यात वावरणाऱ्या प्रत्येकाने ती पाहिलेली असते. पण ही क्षुद्र गोचीड केवळ रक्त घेऊन जात नाही, तर त्याच्या मोबदल्यात कधी कधी रोगही देऊन जाते. जंगलाच्या कडेला राहणाऱ्या कुटुंबांनी तरी हे नीट समजून घेतले पाहिजे.

गोचीड हा कीटक नव्हे. कोळी आणि विंचू यांच्या कुळातील हा जीव आहे. ज्या जातीच्या गोचिडींच्या पाठीवर टणक ढाल असते, त्यांना कठीण गोचिडी म्हणतात. अंड्यातून निघालेल्या पिल्लाला सहा पाय असतात, पुढच्या अवस्थेत ते आठ होतात आणि त्यानंतर गोचीड प्रौढ होते. यांतील पुष्कळ जाती प्रत्येक अवस्थेत नवा प्राणी गाठतात, कित्येक दिवस त्याचे रक्त पितात आणि मग गळून पडतात. गवताच्या टोकावर पुढचे पाय पसरून बसलेली गोचीड जवळून जाणाऱ्या प्राण्याचा श्वास आणि ऊब ओळखते. तिचा दंश बहुधा जाणवतही नाही. एका प्राण्याकडून घेतलेले विष दुसऱ्यापर्यंत पोहोचते ते या यजमान बदलण्यामुळेच.

१९५७ साली त्या वेळच्या म्हैसूर राज्यातील शिमोगा जिल्ह्यात, सोरब तालुक्यातील क्यासनूरच्या जंगलात माकडे मरू लागली आणि आसपासच्या खेड्यांत माणसे तापाने फणफणू लागली. माकडे आणि माणसे एकाच वेळी आजारी पडल्याने पीतज्वर भारतात शिरला की काय, अशी भीती वाटली. पुण्याच्या विषाणू संशोधन केंद्रातील डॉ. टेलफर्ड वर्क, डॉ. हॅरॉल्ड ट्रॅपिडो आणि त्यांचे सहकारी तेथे गेले. त्यांना आढळलेला विषाणू पीतज्वराचा नव्हता. तो गोचिडीमार्फत पसरणारा एक नवाच विषाणू होता व रशियातील एका मेंदूज्वराच्या विषाणूशी त्याचे नाते होते. शास्त्राने या रोगाला क्यासनूर अरण्यरोग असे नाव दिले. कन्नड खेड्यांत त्याला ‘मंगन कायिले’ म्हणतात, तर आपल्या कोकणात ‘माकडताप’.

या नावामुळे माकडावर मात्र अन्याय होतो. काळ्या तोंडाचे वानर आणि लाल तोंडाचे माकड, दोघेही या रोगाने मरतात. ते रोगाचे भक्ष्यही आहेत आणि आपल्याला आगाऊ इशारा देणारे दूतही. माकड मेले व त्याचे शरीर थंड पडू लागले, की अंगावरच्या गोचिडी त्याला सोडून भोवतालच्या पालापाचोळ्यात पसरतात आणि ती जागाच धोक्याची होते. रानातील उंदीर, चिचुंद्री असे लहान प्राणीही या साखळीत असतात. गुरे विषाणू फारसा पसरवीत नाहीत, परंतु प्रौढ गोचिडी त्यांच्या रक्तावर पोसल्या जातात व रानात गोचिडींची संख्या वाढते. माणूस या साखळीत चुकून सापडतो. माणसाकडून माणसाला हा रोग होत नाही.

अनेक वर्षे हा रोग कर्नाटकापुरताच आहे असे समजले जाई. परंतु २०१५ मध्ये गोव्याच्या सत्तरी तालुक्यात आणि २०१६ मध्ये सिंधुदुर्गातील दोडामार्ग तालुक्यात तो प्रकटला. काजूच्या कामासाठी बेळगाव जिल्ह्यातून गोव्यात गेलेले मजूरही त्याच्या तडाख्यात सापडले. याचे कारण ऋतुमानात आहे. तिळापेक्षाही लहान अशा दुसऱ्या अवस्थेतील गोचिडी साधारणतः डिसेंबर ते मे या काळात फार असतात, आणि काजूचे बोंडू वेचणे, राबासाठी पातेरा गोळा करणे, लाकूडफाटा आणणे ही कामेही त्याच दिवसांतली. ज्यांची वर्षाची बेगमी या महिन्यांवर अवलंबून आहे, त्यांना ‘रानात जाऊ नका’ असे सांगणे सोपे आहे, पण ते त्यांनी पाळावे कसे? म्हणून रानात जाताना घ्यायची काळजीच घरोघरी माहीत असली पाहिजे.

दंशानंतर तीन ते आठ दिवसांत एकाएकी जोराचा ताप, डोकेदुखी, अंगदुखी व उलट्या सुरू होतात. काहींच्या नाकातून, हिरड्यांतून रक्त येते. काहींना बरे वाटल्यानंतर पुन्हा ताप येऊन मेंदूवर परिणाम होतो. शंभर रुग्णांपैकी सुमारे तीन ते पाच दगावतात. या विषाणूवर नेमके औषध नाही, परंतु वेळेवर मिळालेल्या शुश्रूषेने बहुतेक रुग्ण बरे होतात. कर्नाटकात १९९० पासून दिली जाणारी लस पुरेशी गुणकारी न ठरल्याने २०२२ मध्ये बंद करण्यात आली व नव्या लसीसाठी प्रयत्न सुरू झाले.

तेव्हा सावधगिरी हाच खरा उपाय. रानात जाताना अंगभर कपडे घालावेत, विजारीचे पाय मोज्यांत खोवावेत आणि आरोग्य खात्याकडून मिळणारे गोचीडरोधक तेल उघड्या अंगाला लावावे. पातेऱ्यावर बसू नये. घरी परतल्यावर कपडे गरम पाण्यात टाकून साबणाने स्नान करावे आणि मुलांची मान, काखा, कानामागचा भाग नीट पाहावा. चिकटलेली गोचीड चिमट्याने त्वचेलगत धरून सरळ ओढावी. तिला चटका देऊ नये, नखाने चिरडूही नये. गुरांवरील गोचिडींचा बंदोबस्त पशुवैद्याच्या सल्ल्याने करावा. ताप आल्यास अंगावर न काढता डॉक्टरांकडे जावे आणि आपण रानात गेलो होतो, हे न विसरता सांगावे.

आणखी एक गोष्ट. मेलेल्या माकडाला हार घालून, खांदा देऊन मूठमाती देण्याची प्रथा अनेक गावांत आहे. त्यामागील भूतदया आदरणीय आहे, परंतु त्या देहाजवळ जाणे जिवावर बेतू शकते. तेव्हा त्याला हात न लावता, मुलांना व गुरांना दूर ठेवून, आरोग्य केंद्राला व वनखात्याला तत्काळ कळवावे. त्यांची माणसे ती जागा औषध मारून निर्धोक करतील. मुक्या जीवाने मरता मरता दिलेली ही सूचना वेळेवर पोहोचवली, तर गावातील एखाद्या घरचा कर्ता माणूस वाचेल. त्या जीवाचा याहून मोठा सन्मान कोणता?